बस्तर आपलं होतं तेव्हा

इंदूरच्या मराठी नोकरदार घरांत बस्तरचं नाव एकाच कारणानं निघायचं, ते म्हणजे तबादला, बदली. रामबाग, छत्रीबाग, नारायणबाग, जिथे जिथे सरकारी खात्यांत चिकटलेली आपली माणसं राहत, तिथे उन्हाळा आला की याद्यांकडे डोळे लागायचे. उज्जैन, देवास, धार निघालं तर देव पावला. शहडोल किंवा सरगुजा निघालं तर ग्रह वाकडे. बस्तर ही मात्र शिक्षाच. साहेबाशी वाजलेलं असेल, वरकमाईच्या साखळीत बसायला नकार दिला असेल किंवा ज्याच्या बाजूनं भोपाळमध्ये शब्द टाकणारं कोणी नसेल, अशा माणसाचं नाव त्या यादीत यायचं. १९८१ साली माझ्या बाबांचं आलं.

आज पंचविशीत असलेल्या वाचकांना हे सांगावंच लागेल की १ नोव्हेंबर २००० पर्यंत बस्तर आपल्या मध्य प्रदेशात होतं. क्षेत्रफळ ३९ हजार चौरस किलोमीटरांच्या वर, म्हणजे अख्ख्या केरळ राज्याहून मोठं, आणि जिल्हा एकच. १९९८ मध्ये कुठे त्यातून कांकेर आणि दंतेवाडा वेगळे झाले. तोवर त्या सगळ्या मुलखाचा कारभार एका कलेक्टरच्या आणि आमच्या बाबांसारख्या शिक्षेवर आलेल्या माणसांच्या जिवावर चालायचा. माओवाद्यांचा उदय आणि अस्त यांबद्दल २०२५ पासून इतकं छापून येतंय, पण ते जिथे रुजले ती जमीन त्यांच्यासाठी कोणी तयार केली, हे त्यात फार थोडं येतं. म्हणून हे लिहायला घेतलं.

बाबा एका खात्यात लेखापाल होते. नेमणूक दक्षिण बस्तरमधल्या बिजापूरला. आमच्या शाळांमुळे आई आणि आम्ही भावंडं इंदूरलाच राहिलो, सुट्टीत मात्र तिकडे जायचो. रायपूरपर्यंत रेल्वे, मग बसनं केशकालचा घाट चढून जगदलपूर, तिथून गीदमवरून बिजापूर. रस्त्याच्या मजुरांची मजुरी वाटणं हे बाबांच्या कामापैकी एक. मस्टरवर अंगठा घ्यायचा आणि पैसे द्यायचे. पण कुऱ्हाड आणि फावडं धरून त्या अंगठ्यांची कातडी इतकी चिरलेली असायची की ठसा उठायचाच नाही, कागदावर नुसता निळा डाग पडायचा. बाबा टेबलावर खोबरेल तेलाची बाटली ठेवत. अंगठा आधी तेलानं चोळायचा, फडक्यानं पुसायचा, मग शाई. बाई असली तर बाबा बाटली तिच्यापुढे सरकवत आणि नजर मस्टरवर ठेवत. कागदावरची रक्कम आणि हातात पडणारी रक्कम यांत फरक असे. तो कुठे जिरतो हे बाबांना ठाऊक होतं आणि मजुरांनाही. बाबांनी त्यातला पैसा कधी घेतला नाही, त्याविरुद्ध तोंडही कधी उघडलं नाही. निवृत्तीनंतर ते एकच म्हणायचे, "अगं, त्यांनी सरकार म्हणून दुसरं काही पाहिलंच नव्हतं. त्यांचं सरकार म्हणजे आम्ही."

मे महिना तेंदूपत्त्याचा. बायका-पोरं पहाटे जंगलात जात, ऊन तापायच्या आत पानं तोडून आणत आणि सावलीत बसून पन्नास-पन्नास पानांच्या गड्ड्या बांधत. संध्याकाळी त्या फडावर न्यायच्या. फड म्हणजे गावाबाहेर झाडून-झटकून साफ केलेली मोकळी जागा. तिथे गड्ड्या उन्हात ओळीनं वाळत घालतात. हजार गड्ड्या झाल्या की एक मानक बोरा. फडमुंशी काठी घेऊन त्या ओळींमधून फिरायचा आणि काठीच्या टोकानं, कधी पायानंही, गड्ड्या बाजूला उडवायचा. हा पत्ता कच्चा, हा फाटका, ही गड्डी ढिली. उडवलेल्या गड्डीचे पैसे नाहीत. पण ती परतही मिळायची नाही, अंधार पडल्यावर त्याच बोऱ्यात जायची. शिवाय शेकड्यामागे काही गड्ड्या 'छूट' म्हणून फुकट द्यायच्या. मी बघत उभी होते तेव्हा माझ्याच वयाची एक मुलगी उडवलेली गड्डी उचलायला वाकली. मुंशीनं काठी आडवी धरली. तिनं हात मागे घेतला आणि आईकडे पाहिलं. आई दुसऱ्या गड्ड्या मोजत राहिली.

मध्य प्रदेशात तेंदूपत्त्याचा व्यापार १९६४ सालीच कायद्यानं सरकारच्या ताब्यात आलेला होता. कायद्यात आदिवासींच्या भल्याची सगळी भाषा होती. फडावर मात्र मुंशीच्या काठीवर अपील नव्हतं. जंगलखात्याच्या शिपायाचं तेच. कोंबडी, महुआ, घरावरची कौलं शाकारायला फुकट माणसं, हे तो हक्कानं मागायचा, कारण सरपणाची मोळी आणि नांगराचं लाकूड त्याच्या डोळ्यांदेखत जंगलातून यायचं आणि मनात आलं तर तो त्याचा गुन्हा करू शकायचा.

याच्या मागचाही इतिहास होता. २५ मार्च १९६६ रोजी जगदलपूरच्या राजवाड्यात महाराजा प्रवीरचंद्र भंजदेव पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले, त्यांच्यासोबत त्यांना देव मानणारे आदिवासीही. सत्तरच्या दशकात सालाची जंगलं तोडून तिथे कागदासाठी पाइन लावायची योजना जागतिक बँकेच्या मदतीनं आखली गेली. सालाच्या झाडावर ज्यांचं घर, अन्न आणि सणवार चालतात त्यांना कोणी विचारलं नाही. विरोध झाला आणि योजना गुंडाळली, पण ती आखताना विचारावंसं वाटलं नव्हतं ही गोष्ट मागे उरलीच.

अशा मुलखात १९८० मध्ये गोदावरी ओलांडून पाच-पाच, सात-सात जणांच्या नक्षलवादी तुकड्या आल्या. नक्षलबाडीचं बंड मे १९६७ मधलं, दार्जिलिंग जिल्ह्यातलं. २५ मे रोजी पोलिसांच्या गोळीबारात तिथे अकरा जण गेले, त्यांत बहुतेक बायका होत्या. चारू मजुमदार २८ जुलै १९७२ रोजी कलकत्त्यात कोठडीत वारले आणि ती पहिली लाट तिथेच विरली. आंध्रात कोंडापल्ली सीतारामय्यांनी २२ एप्रिल १९८० रोजी पीपल्स वॉर ग्रुप काढला, तेव्हा त्यांच्यापुढे प्रश्न होता तेलंगणातल्या दडपशाहीपासून सुरक्षित असा मागचा भाग शोधायचा. म्हणजे आधी त्यांना लपायला जंगल हवं होतं, जंगलातली माणसं नंतर सापडली. हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो. पुढे जे घडलं त्याची एक गाठ इथेच बसली होती. त्याच वर्षी नोव्हेंबरात इंद्रावतीच्या पलीकडे सिरोंचा भागात पेद्दी शंकर हा त्यांचा तरुण पोलिसांच्या गोळीनं मेला. गडचिरोली तेव्हा जिल्हाही नव्हता, तो १९८२ मध्ये झाला.

बाबांच्या १९८३ च्या एका पत्रात आहे, "यंदा फडावर मुंशी पाय लावत नाही. गड्डी हातानं उचलतो, बघतो, हातानं बाजूला ठेवतो. दरही वाढवून दिला. लोक म्हणतात, दादा लोक येऊन गेले." त्यांनी पुढे एक ओळ लिहून खोडली आहे. खोडल्यावरही वाचता येते, "आमच्याच्यानं हे का झालं नाही?"

ती खोडलेली ओळ मी कितीदा वाचली असेल! जे चळवळीला सरसकट परकीय कारस्थान म्हणतात त्यांनी फडावरची ती काठी पाहिलेली नाही. दादा लोकांनी, म्हणजे या नक्षलवाद्यांनी, गोंडी शिकून घेतली. तेंदूपत्त्याचा आणि बांबूतोडीचा दर ठेकेदाराशी बसून वाढवून घेतला. जंगलखात्याची वेठ बंद पाडली. जंगलजमिनीवर नांगर धरणाऱ्याला कोणी हुसकणार नाही असं पाहिलं. गावातल्या बायकांशी कोणी बाहेरचा माणूस वेडंवाकडं वागला तर त्याला जाब विचारला. पोरं त्यांच्यामागे गेली ती माओची पुस्तकं वाचून गेली नाहीत. आयुष्यात पहिल्यांदा मुंशी घाबरलेला पाहिला म्हणून गेली. गडचिरोलीची विमला सिडाम, पुढे ताराक्का म्हणून ओळखली गेली, ती १९८३ सालीच दलमात, म्हणजे त्यांच्या सशस्त्र तुकडीत गेली. त्या वर्षी मी इंदूरला आठवीत होते आणि स्नेहसंमेलनाच्या नाटकाच्या तालमी करत होते.

घरात यावरून वाद व्हायचे. आईचे धाकटे भाऊ, आमचे नानामामा, इंदूरच्या हुकुमचंद कापड मिलमध्ये साच्यावर होते. पक्के लाल झेंड्याचे. होमी दाजींना गिरणी कामगारांनी १९६२ साली लोकसभेत पाठवलं तेव्हा मामा पोरगेलेसे होते, पण त्या मिरवणुकीत नाचल्याचं अभिमानानं सांगायचे. लाल रंग दोघांचा एक, म्हणून बाबांना वाटायचं, मामा तरी या पोरांची बाजू घेतील. मामांनी कधी घेतली नाही. एका दिवाळीत फराळाच्या ताटावर बसून ते म्हणाले ते मला शब्दन् शब्द आठवतं, "भाऊजी, युनियनला सभासद लागतात, वर्गणी लागते, दरसाल निवडणूक लागते. मी चुकलो तर माझा शेजारच्या साच्यावरचा माणूस मला पाडतो. बंदुकीला यातलं काही लागत नाही. मग ती उद्या चुकली तर तिला पाडणार कोण?"

बाबा म्हणाले, "आणि मुंशीला कोण पाडणार होतं?"

दोघंही खरं बोलत होते, आणि पुढच्या चाळीस वर्षांत जे झालं ते या दोन प्रश्नांच्या मधोमधच झालं. नानामामांच्या बाजूलाही काळानं न्याय केला नाही हे सांगितलं पाहिजे. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला हुकुमचंद मिलला टाळं लागलं. कामगारांनी दगड उचलला नाही. सभा, धरणं, कोर्ट, पुन्हा कोर्ट. देणी मिळाली ती २५ डिसेंबर २०२३ रोजी. सुमारे ४८०० कामगारांचे २२४ कोटी, तीस वर्षं उलटून गेल्यावर. मामा तोवर गेले होते. मामींनी कागदावर सही केली, पैसे बँकेत आले, त्यातून मामांच्या फोटोला नवी चौकट आणि स्वतःच्या डोळ्यांचं ऑपरेशन केलं. सनदशीर मार्गानं जा म्हणणाऱ्या राज्यानं त्या मार्गावर चालणाऱ्यांना इतका वेळ ताटकळत ठेवायचं, आणि मग जंगलातल्या पोरानं कोर्टात का जाऊ नये असं विचारायचं, हे मला कधीच पटलेलं नाही. तरीही मामांचा प्रश्न माझ्या लेखी खोटा ठरत नाही. बस्तरनं तो रक्तात सिद्ध केला.

झालं असं की मुंशीला धाक बसवणारा माणूस हळूहळू मुंशीच्या जागी बसला. ठेकेदाराकडून आधी दर वाढवून घेतला जात होता, मग हप्ताही घेतला जाऊ लागला. त्यामुळे तेंदूपत्त्याचा ठेकेदार, बांबूचा ठेकेदार, पुढे खाणीचा ठेकेदार ही सगळी माणसं चळवळीला नकोशी होण्याऐवजी गरजेची झाली. हप्ता थांबला तर बंदुका कशावर चालणार? गावात संघम, म्हणजे त्यांची गावपातळीवरची संघटना आली, मग जनताना सरकार, म्हणजे त्यांचं समांतर सरकार आलं, आणि त्या सरकारची जनअदालत. जनअदालतीत आरोपी, साक्षीदार आणि प्रेक्षक सगळे गोंड, निकाल देणारा मात्र बंदूकवाला. 'मुखबिर', म्हणजे पोलिसांचा खबऱ्या, एवढा एक शब्द पुरायचा. ज्यांच्या रक्षणाला आलो म्हणत होते त्यांतल्याच शेकडो माणसांना त्यांनी मारलं. कुंपणानंच शेत खाल्लं.

डिसेंबर १९९९ ची गोष्ट भोपाळ-इंदूरच्या लोकांना तरी आठवत असेल. आंध्रात त्या महिन्याच्या सुरुवातीला पीपल्स वॉरच्या केंद्रीय समितीचे तीन सदस्य मारले गेले होते. त्याचा सूड म्हणून बालाघाट जिल्ह्यातल्या त्यांच्या गावी मध्य प्रदेशचे मंत्री लिखीराम कावरे यांना घरातून बाहेर ओढून कुऱ्हाडीनं मारलं. कावरेंनी त्या तिघांचं काय वाकडं केलं होतं? मागासवर्गीय शेतकरी घरातून वर आलेला, आपल्या गावी सुरक्षेविना झोपणारा मंत्री होता तो, आणि म्हणूनच हाताला लागला. इंदूरमध्ये त्या आठवड्यात सगळीकडे हाच विषय होता. दहा-अकरा महिन्यांत छत्तीसगड वेगळं झालं आणि विषयच संपला. बस्तर दुसऱ्या राज्यात गेलं, आता तिकडे तबादला होणार नाही, म्हणून आमच्या गल्लीत लोकांनी सुटकेचा श्वास सोडला. चव्वेचाळीस वर्षं जे आपलं होतं ते एका रात्रीत आपल्या बोलण्यातूनही गेलं. मला हे फार लागतं. आपण तिथे ज्यांना पाठवलं आणि त्यांनी तिथे जे केलं, त्याचा हिशेब राज्याच्या वाटणीत कोणाच्याच वाट्याला आला नाही.

पुढची दहा वर्षं चळवळीच्या चढतीची. २१ सप्टेंबर २००४ रोजी पीपल्स वॉर आणि बिहार-झारखंडातला एमसीसी (माओवादी कम्युनिस्ट सेंटर) एकत्र येऊन भाकप (माओवादी) झाला. पंतप्रधान मनमोहन सिंगांनी देशाच्या अंतर्गत सुरक्षेपुढचं सर्वांत मोठं आव्हान म्हटलं ते याच काळात. ६ एप्रिल २०१० रोजी ताडमेटलाच्या जंगलात ७६ जवान मारले गेले. एका सकाळीत ७६. त्यांत बहुतेक उत्तर प्रदेश-बिहारच्या शेतकऱ्यांची पोरं, पगार आणि पेन्शन यांसाठी आलेली. ज्या पक्षाचं नाव कष्टकऱ्यांवर चालतं त्यानं त्या दिवशी विजयाची भाषा केली. २५ मे २०१३ रोजी झीरम घाटीत काँग्रेसच्या ताफ्यावर हल्ला झाला. बस्तरचे काँग्रेस नेते महेंद्र कर्मा तिथेच मारले गेले, माजी केंद्रीय मंत्री विद्याचरण शुक्ल जखमी होऊन जूनमध्ये गेले.

कर्मांचं नाव सलवा जुडूम या सरकारच्या पाठबळावरच्या माओवादीविरोधी मोहिमेशी जोडलेलं आहे. जून २००५ पासून गावकऱ्यांच्याच हाती बंदुका देऊन गावं रिकामी करवली गेली, लोकांना रस्त्याकडेच्या छावण्यांत आणून ठेवलं. जे गावात राहिले ते नक्षली आणि जे छावणीत आले ते सरकारी, अशी उभी फाळणी. सोळा-सतरा वर्षांची पोरं 'विशेष पोलीस अधिकारी' झाली. सर्वोच्च न्यायालयानं ५ जुलै २०११ रोजी हे घटनाविरोधी ठरवलं, पण तोवर भाऊ भावाच्या समोर उभा राहून गेला होता. सलवा जुडूमनं पहिल्या काही वर्षांत माओवाद्यांना उलट माणसं मिळवून दिली, जळलेल्या घरातला पोरगा दुसरं कुठे जाणार? मात्र ती भरती रागाची होती. फडावरच्या पहिल्या पिढीला एक आशा होती, या पिढीला नुसता सूड होता.

बालाघाटच्या बैहर तहसिलीतला एक गोंड मुलगा गेली काही वर्षं राजेंद्रनगरात आमच्या वरच्या खोलीत राहतो. भंवरकुआँला एमपीपीएससीचा, म्हणजे राज्य लोकसेवा परीक्षेचा, क्लास करतो. बीएस्सी झालेला, अभ्यासू, बोलणं मोजकं. मला आंटीजी म्हणतो. बस्तरच्या गोष्टी मी काढल्या तेव्हा पहिल्या वेळी त्यानं नुसती मान हलवली. मग एकदा पावसात लाइट गेलेली असताना स्वतःहून सांगितलं.

त्यांच्या गावात दलम रात्री यायचं. पंधरा-वीस माणसांचा भात मागायचे. त्याच्या आईकडे एवढं मोठं भांडं नव्हतं म्हणून गावानं लग्नकार्यासाठी घेतलेला सामाईक गंज तिच्या घरी आला आणि तिथेच राहिला. काही दिवसांनी पोलीस झडतीला आले. काही सापडलं नाही, पण त्यांतल्या एकानं चुलीमागचा गंज पाहिला. "पाँच आदमी का घर है, इतना बड़ा गंज किसलिए?" त्या एका प्रश्नावर वडिलांना चौकीवर नेलं, तीन दिवसांनी सोडलं. त्यानंतर आईनं गंज जंगलात पुरून ठेवला. दलम आलं की खणून काढायचा, ते गेले की पहाटेच्या आत घासून पुन्हा पुरायचा. इकडे आड, तिकडे विहीर असं आपण सहज बोलून जातो. त्या बाईनं रात्री-अपरात्री माती उकरून ते निभावलं.

त्याच्या मोठ्या काकांना दलमनं मारलं. ते बैहरला तहसीलमध्ये चार-पाच खेपा घालत होते आणि ते कोणीतरी पाहिलं होतं. ठाणं आणि तहसील एकाच रस्त्यावर. रात्री 'मीटिंग' म्हणून बोलावलं, सकाळी नाल्याजवळ सापडले, अंगावर लाल शाईनं लिहिलेला कागद. काका तिथे जात होते ते पुतण्याच्या जातीच्या दाखल्यासाठी. "वो प्रमाणपत्र अभी भी है, आंटीजी. उसी से फॉर्म भरता हूँ." एवढं बोलून तो पुस्तक उघडून बसला.

मी त्याला विचारलं, दादा लोकांचा राग येतो का. तो म्हणाला, आजोबा त्यांना चांगलं म्हणायचे, कारण त्यांनी जंगलखात्याचा जाच पाहिला होता. वडील काहीच म्हणायचे नाहीत. त्याच्या पिढीतलं गावातलं कोणी गेलं नाही. मोबाइल आला, आश्रमशाळा आली, नागपूर-हैदराबादला बांधकामावर जाऊन पैसे आणणारी पोरं आली. चळवळीकडे या पोरांना द्यायला काही नव्हतं. मला तिच्या अस्ताचं सगळ्यात खरं कारण हेच वाटतं. ड्रोन, छावण्या, रस्ते, शरण आलेल्यांमधून उभे केलेले जिल्हा राखीव दलाचे जवान यांनी लष्करी शेवट केला हे खरंच. पण चळवळ आटायला लागली ती आजोबांची गोष्ट नातवाला सांगता येईना तेव्हा.

२०२५ मध्ये सगळं एकदम कोसळलं. २१ मे रोजी अबुझमाडमध्ये सरचिटणीस बसवराजू मारला गेला. मूळ नाव नंबाला केशव राव, श्रीकाकुलमचा, वारंगळला इंजिनिअरिंग शिकलेला. ऑक्टोबरात गडचिरोलीत पक्षाचा बडा नेता मल्लोजुला वेणुगोपाल राव उर्फ भूपती साठ साथीदारांसह मुख्यमंत्री फडणवीसांपुढे शरण आला. ताराक्का त्याचीच बायको, ती वर्षाच्या पहिल्याच दिवशी आली होती. भूपतीचा भाऊ किशनजी २०११ साली बंगालच्या जंगलात मारला गेला होता. भूपतीनं आधी 'अभय' या नावानं पत्रकं काढून सशस्त्र लढा थांबवावा असं जाहीर म्हटलं, तेव्हा पक्षातल्या उरलेल्यांनी त्याला गद्दार ठरवलं. चाळीसहून जास्त वर्षं जंगलात काढलेल्या माणसाला गद्दार ठरवायलाही कोणा सभासदाचं मत घ्यावं लागलं नाही. नानामामा असते तर काय म्हणाले असते ते मला ऐकू येतं. भूपतीनंतर दोन दिवसांनी जगदलपूरला २१० जण शरण आले, हातात संविधानाची प्रत घेऊन. १८ नोव्हेंबरला आंध्रात माडवी हिडमा मारला गेला. केंद्रीय समितीत पोचलेला बस्तरचा पहिला आदिवासी म्हणून त्याचं नाव घेत. आदिवासींच्या नावानं चाललेल्या लढ्यात तिथे पोचणारा बस्तरचा पहिला आदिवासी इतक्या उशिरा यावा, आणि तोही बंदूक चालवण्यातल्या कसबावर, हे वाचून मी वर्तमानपत्र बाजूला ठेवलं. डिसेंबरात बालाघाटात मुख्यमंत्री मोहन यादवांसमोर दहा जणांनी शस्त्रं ठेवली.

त्या दिवशी इंदूरच्या व्हॉट्सअॅप गटांवर अभिनंदनाचे संदेश फिरले. आनंद मलाही झाला. बैहरच्या त्या घरात गंज आता उघड्यावर राहील, हा आनंद लहान नाही. पण शरण आलेल्या माणसांच्या फोटोत मी वयं बघत होते. वीस-बावीस वर्षांच्या मुली, पायात स्लिपरा. आता यांना घर, जमिनीचा पट्टा, नोकरी देणार आहेत म्हणे. द्यायलाच हवं, आणि वेळेवर, हुकुमचंदच्या कामगारांसारखं नव्हे. आणि ज्यांनी कधीच बंदूक घेतली नाही, भातही दिला आणि मारही खाल्ला, त्यांच्यासाठी काय आहे? त्यांच्यासाठी कायदा तीस वर्षांपूर्वीच झालाय. आमच्याच बाजूच्या झाबुआचे दिलीपसिंह भुरिया यांच्या समितीच्या अहवालावरून डिसेंबर १९९६ मध्ये पेसा, म्हणजे आदिवासी भागांतल्या ग्रामसभांना अधिकार देणारा कायदा आला. जमीन, गौण वनोपज, खाणी यांबाबत ग्रामसभेचा शब्द मोलाचा मानणारा. मध्य प्रदेशानं त्याचे नियम केले १५ नोव्हेंबर २०२२ रोजी. कायदा आणि नियम यांच्यामधल्या या सव्वीस वर्षांतच कावरे मारले गेले, सलवा जुडूम झालं, ताडमेटला झालं, माझ्या भाडेकरूचे काका नाल्याजवळ सापडले.

पेसावरचं उत्तर त्यानं परवा मला तपासायला दिलं. कलमं, समिती, वर्षं सगळं बरोबर. एके ठिकाणी त्यानं लिहिलं होतं की ग्रामसभेचं रजिस्टर सचिव घरोघर फिरवून सह्या घेतो. मी म्हटलं, परीक्षेत असं लिहू नकोस, नियमात काय आहे ते लिही. तो म्हणाला, नियम पण लिहिलाय, त्याच्या खालच्या ओळीत आहे. ती ओळ मी ठेवायला सांगितली.

अर्जात त्याची पहिली पसंती उपजिल्हाधिकारी, दुसरी डीएसपी. तोच अर्ज वनसेवेलाही चालतो, बीएस्सी असल्यानं तो पात्रही आहे, पण तो रकाना त्यानं कोरा सोडलाय. जागा कमी, त्यात आणखी एक संधी का घालवतोस म्हणून मी विचारलं.

"गाँव में दादाजी अभी हैं, आंटीजी," तो म्हणाला. "उनके सामने वो वर्दी पहन के नहीं जा सकता."